पेंडसेबाईंचं झाकण

पेंडसेबाईंना कुणी काही दिलं, की त्या आधी हात पुढे करायच्या नाहीत. आधी विचारायच्या, "कुठून आलं?"

पेढा असू दे, बातमी असू दे, नाहीतर मशीनचा सुटा भाग. पेढा दिला तर "कुठून आला?" दुकानातून आला म्हटलं, तर "कुठल्या?" एवढं सांगेपर्यंत देणाऱ्याचा उत्साह संपून जायचा. मग त्या पेढा घ्यायच्या आणि अगदी आवडीने खायच्या. म्हणजे खायचा नव्हता म्हणून विचारत होत्या असं नाही. कळल्याशिवाय खायचा नव्हता, एवढंच.

माझं आणि त्यांचं पहिल्याच दिवशी यावरून वाजलं. वाजलं म्हणजे माझ्या मनात वाजलं, त्यांना पत्ताही नव्हता. आमच्या बापूंचं धायरीत प्लास्टिकचे भाग बनवायचं वर्कशॉप. पूर्वी तिथे त्यांचं शेत होतं, नंतर पत्र्याची शेड झाली. बापू आमच्या गावकीतले, मला आक्का म्हणणारे. मी तिथे माल तपासायला होते. मशीनमधून भाग पडला की हातात घ्यायचा, उजेडाला धरायचा, कड बघायची, चांगला असेल तर इकडे, नसेल तर तिकडे. पेंडसेबाई मोठ्या कंपनीतून निवृत्त होऊन आमच्याकडे इंजिनिअर म्हणून आल्या. कर्वेनगरहून बसने यायच्या. सुती साडी, खांद्याला पर्स, पायात बूट. साडीखाली बूट! आमच्या बायका पदराआड हसल्या.

दुपारी जेवायला बसलो. मी शेंगदाण्याची चटणी पुढे केली. तर या म्हणतात, "कुठून आली?"

मला असं झोंबलं! म्हटलं, ही शहरातली बाई, आपण धायरीच्या. कुणाच्या हातची ते विचारतेय. मी पण फटकन म्हटलं, "माझ्या घरून आली. माझ्या हातची आहे. चालेल का?"

"ते दिसतंच आहे," बाई म्हणाल्या. "शेंगदाणे कुठून आले? खवट वास नाही म्हणून विचारलं. आमच्याकडे मिळतात ते सगळे खवट."

आणि मग त्यांनी चटणी घेतली. पुन्हा घेतली. शेवटी डबा माझ्याकडे सरकवून म्हणाल्या, "आता तुम्हीच ठेवा. नाहीतर मी संपवीन आणि तुम्हाला उरणार नाही." त्यानंतर रोज त्यांच्यासाठी वेगळी वाटी न्यायची सवय मला लागली ती लागलीच.

आता त्या करायच्या काय, ते सांगते. मला समजलं तसं सांगते, शाळा काही मी फार केलेली नाही. प्लास्टिकचा भाग बनवायचा तर आधी पोलादाचा साचा करावा लागतो, त्याला आम्ही डाय म्हणायचो. प्लास्टिकचा दाणा वितळवून जोराने त्या डायमध्ये दाबायचा, गार झाला की भाग तयार. पण पोलाद एकदा कापलं की कापलं. चुकलं तर ते काही परत वाढत नाही. म्हणून कापायच्या आधी बाई कॉम्प्युटरवर बघायच्या, की वितळलेलं प्लास्टिक कुठून शिरेल, कसं पसरेल, कुठे हवा अडकेल. पडद्यावर निळं, हिरवं, लाल असं काहीतरी पसरत जायचं. मी एकदा मागे उभी राहून बघत होते. म्हटलं, "बाई, हे तर घावन घातल्यासारखं दिसतंय."

बाई वळल्या. मला वाटलं, आता बोलणार काहीतरी टोचून. तर म्हणाल्या, "मंगलबाई, तव्यावर दोन ठिकाणी पीठ घातलं आणि मध्ये भेटलं, तर घावन कुठे तुटतं?"

"जिथे भेटलं तिथेच."

"तेच मी दिवसभर शोधते. तुम्ही तव्यावर बघता, मला त्याचा पगार मिळतो."

ते दोन प्रवाह जिथे भेटतात, तिथे तयार भागावर केसासारखी रेघ उमटते. त्याला इंग्रजी नाव आहे, पण आम्ही सांधा म्हणायचो.

बाईंच्या टेबलावर एक झाकण असायचं. पांढऱ्या डब्याचं, साधं, बापूंनी अगदी सुरुवातीला बनवलेल्या मालातलं. त्याला कडेला अंगठा अडकवायला कान होता, कानाला भोक होतं. प्लास्टिक त्या भोकाला दोन्हीकडून वळसा घालून पुढे भेटायचं, त्यामुळे कानाच्या पाळीवर बारीक सांधा. बरोबर मध्यावर नाही, किंचित डावीकडे. नुसत्या डोळ्यांना दिसायचा नाही. अंगठा फिरवला की लागायचा.

बाईंचं ते सॉफ्टवेअर मधूनमधून नवीन व्हायचं. अपडेट म्हणायचे त्याला. आमच्या फोनमध्ये येतं तसंच, फक्त याचा मान मोठा. ते यायचं सॉफ्टवेअर बनवणाऱ्या कंपनीकडून, बाईंच्या नावाच्या खात्यात. बाई त्या दिवशी नवीन काम हातात घ्यायच्या नाहीत. आधी जुनं सगळं दुसरीकडे उतरवून ठेवायच्या. पत्त्याच्या पट्टीत स्पेलिंग अक्षर अक्षर वाचायच्या, बोट लावून, पहिलीतल्या मुलीसारख्या. मग अपडेट घ्यायच्या. आणि झालं की पहिलं काम काय, तर ते झाकण. त्याच जुन्या झाकणाचं चित्र पडद्यावर घालायच्या, प्लास्टिक पसरवायच्या, आणि सांधा पाळीवर किंचित डावीकडे आला की हातातल्या झाकणावर अंगठा फिरवून जुळतोय ना, ते बघायच्या. "हं. ठीक आहे." मग चहा.

आमच्याकडे ती म्हणच... म्हण कसली, बोलायची पद्धतच पडली. नवीन माणूस कामाला लागला की कुणीतरी विचारायचं, "याचं झाकण लावून बघितलं का?" बापूंच्या मुलीला, स्नेहलला, पहिलं स्थळ आलं, तेव्हाही बायका बापूंना म्हणाल्या, "झाकण लावून बघा आधी." बापू हसले होते. तेव्हा हसत होते.

आता बापूंचं आणि बाईंचं भांडण झालं ते सांगते. मिक्सर बनवणाऱ्या एका कंपनीचं काम बापूंच्या दारात आलं होतं. मिक्सरच्या भांड्याची मूठ. एवढं मोठं गिऱ्हाईक आमच्याकडे कधी आलं नव्हतं. हे काम मिळालं तर शेडमध्ये नवीन मशीन येणार, नाही मिळालं तर आहे त्यातलंही एक बंद करावं लागेल, असं बापू उघड बोलायचे. कंपनीने मुठीची फाईल पाठवली. शनिवारपर्यंत सांगा, डाय कशी कराल. आणि ती फाईल आमच्याकडे उघडेना. ती सॉफ्टवेअरच्या नव्या आवृत्तीतली, आमची जुनी.

बाईंनी सॉफ्टवेअरवाल्यांना फोन लावला. ते म्हणाले, नवी आवृत्ती देतो, पण पुढच्या आठवड्यात. बाई बापूंना म्हणाल्या, "मिक्सरवाल्यांना सांगा, फाईल जुन्या पद्धतीने सेव्ह करून पाठवा. त्यांना एक मिनिटाचं काम आहे."

बापू म्हणाले, "असं कसं सांगू? आपलं सॉफ्टवेअर जुनं हाय असं कळलं, की संपलं. अब्रू जाईल माझी."

"जुनं आहे, ते खरं आहे. खरं कळलं तर अब्रू कशी जाते?"

"तुम्हाला न्हाई कळायचं ते."

दुसऱ्या दिवशी बापू फोन नाचवत आले. डायवाल्यांच्या कुठल्याशा व्हॉट्सॲप ग्रुपवर कुणीतरी लिंक टाकली होती. नवी आवृत्ती, पूर्ण, फुकट. "घ्या बाई, मिटलं! डाउनलोड करा."

"कुठून आलं?"

"ग्रुपवर आलं की."

"ग्रुपवर कुठून आलं?"

"मला काय ठावं? चांगली माणसं हायेत ग्रुपवर."

बाईंनी चष्मा लावून फोन वाचला. "इथे खाली लिहिलंय, आधी अँटीव्हायरस बंद करा. बापू, दारात आलेला पाहुणा जर म्हणाला, आधी तुमचा वॉचमन घरी पाठवा मगच मी आत येतो, तर तुम्ही त्याला चहा द्याल?"

आम्ही सगळे मशीनशी काहीतरी काम असल्यासारखं करत होतो. बापूंचा आवाज चढला. "बाई, शनिवारी काम हातातनं जाईल. जग कुठल्या कुठं गेलं, तुम्ही आपलं कुठून आलं, कुठून आलं करत बसा. ते मशीन माझं हाय. मी सांगतो, दाबा."

"मशीन तुमचं आहे," बाई शांतपणे म्हणाल्या. "बोट माझं आहे. ते त्या बटणावर जाणार नाही."

"मग बोट घेऊन घरी बसा!"

शेडमध्ये एवढी मशीनं चालू, पण मला वाटलं सगळं बंद पडलं. बाईंनी पर्स उचलली. जेवणाचा डबा उचलला. मी पुढे होऊन म्हटलं, "बाई, अहो..." त्यांनी माझ्याकडे बघून नुसती मान हलवली. मग टेबलावरचं झाकण उचललं, ते सोबत नेतील असं वाटलं. तर त्यांनी ते कॉम्प्युटरच्या माउसवर पालथं घातलं, एखाद्या भांड्यावर ठेवावं तसं, आणि बुटांचा आवाज करत निघून गेल्या.

बापू बराच वेळ त्या खुर्चीत बसून होते. मी तिरक्या नजरेने बघत होते. एकदा हात पुढे गेला. झाकणापाशी थांबला. मग उठले आणि बाहेर जाऊन उगाचच पाण्याच्या टाकीवर ओरडले. झाकण उचललं नाही. शुक्रवारपर्यंत नाही.

शुक्रवारी चहाच्या वेळेला दारात बूट वाजले.

बापू ताठ उभे राहिले. त्यांना वाटलं, बाई माफी मागायला आल्या. आम्हालाही क्षणभर तसंच वाटलं. बाई सरळ त्यांच्यापाशी गेल्या.

"बापू, तुम्ही मला स्नेहलच्या लग्नाला बोलावलंय?"

"आं?"

"काल तुमच्या नंबरवरून मला पत्रिका आली. आमच्या घरच्या शुभकार्याला यायचंच, असं लिहिलंय. खाली फाईल. मी उघडली नाही."

"म्या कुठं पाठवली? पत्रिका अजून छापायला सुद्धा टाकली न्हाई!"

"मला वाटलंच. म्हटलं, बोट घेऊन घरी बस म्हणणारा माणूस इतक्या लवकर आग्रहाने बोलावणार नाही. आणि तुमच्याकडची पत्रिका अशी येत नाही. स्नेहलच्या आत्याच्या लग्नाच्या वेळी तुम्ही अक्षत घेऊन अख्खी धायरी पायी फिरलात, हे मंगलबाईंनी मला चार वेळा सांगितलंय. फाईल कुठून येईल?"

मी माझा फोन काढला. मलाही आली होती! माझी उघडली गेली नव्हती, कारण माझ्या फोनमध्ये जागाच शिल्लक नव्हती. नातवंडांच्या फोटोंनी मला वाचवलं. शेडमध्ये सगळ्यांनी फोन काढले. सगळ्यांना पत्रिका.

बापू खालीच बसले. हळू आवाजात म्हणाले, "मला बी एक आली होती परवा. सासवडच्या पाहुण्यांकडनं. म्या उघडली. लगीनसराई हाय बाई, पत्रिका उघडली न्हाई तर माणसं नाराज होत्यात. उघडली तर आत काहीच न्हाई. नुसतं म्हणलं, हे इन्स्टॉल करा. केलं."

"ती पत्रिका नव्हती. ते ॲप होतं," बाई म्हणाल्या. "आता ते तुमच्या फोनमध्ये बसून तुमच्या नावाने सगळ्यांना बोलावतंय. तो फोन द्या इकडे." आणि बघा, बोट! फोनमधल्या त्या विमानाच्या चित्रावर बाईंचं बोट झटकन गेलं आणि फोनचा सगळा संपर्क तुटला. "आक्कांच्या फोनवरून बँकेला लावा. नंबर मेसेजमधला नको, कार्डाच्या पाठीवरचा घ्या. खातं थांबवायला सांगा. मग पोलिसांच्या सायबर विभागाकडे तक्रार." मला त्यांनी त्या एकदाच आक्का म्हटलं, घाईघाईत. नंतर पुन्हा मंगलबाई.

बँकेने खातं थांबवलं. थोडक्यात निभावलं. मी बाईंना विचारलं, "इतक्या लांब आलात, फोन नाही का करायचा?"

"ज्या नंबरवरून खोटी पत्रिका आली, त्याच नंबरवर विश्वास कसा ठेवायचा?"

मग बाई म्हणाल्या, "आता ज्यांना ज्यांना पत्रिका गेली, त्यांना आपणहून कळवा. उघडू नका म्हणावं. आधी मिक्सरवाल्यांना."

बापूंचा चेहरा उतरला. "त्यांना? त्यांना काय सांगू, माझा फोन चोरानं घेतला म्हणून?"

"हो. त्यांनी उघडलं तर त्यांच्या कॉम्प्युटरपर्यंतही जाईल. मग तुमचं नाव कायमचं लक्षात राहील."

बापूंनी माझ्या फोनवरून मिक्सरवाल्यांच्या इंजिनिअरला लावला. घाम पुसत पुसत सगळं सांगितलं. पलीकडचा माणूस म्हणाला, "बरं झालं सांगितलंत. मी आताच उघडणार होतो. म्हटलं, बापूंनी घरच्या लग्नाला बोलावलंय." बापूंना हुंदका की हसू, काय आलं कळेना. तेवढ्यात बाई फोनच्या बाजूला तोंड करून म्हणाल्या, "आणि साहेब, ती मुठीची फाईल जुन्या पद्धतीने सेव्ह करून पाठवा. आमची आवृत्ती जुनी आहे."

"अहो, मग आधी का नाही सांगितलंत? लगेच पाठवतो."

बापूंनी डोळे मिटून घेतले.

बाईंनी माउसवरचं झाकण उचललं आणि कामाला बसल्या. मुठीतला सांधा नेमका जिथे अंगठ्याचा जोर येतो तिथेच पडत होता. चटणी वाटताना मूठ तिथेच तुटली असती. बाईंनी प्लास्टिक शिरायची जागा बदलली, सांधा वर ढकलला, आणि शनिवारी बापूंनी कागद नेऊन दिला. काम मिळालं. नवीन मशीन आलं. ते आजही तिथे आहे, मी जाते तेव्हा बघते.

पण मला लक्षात राहिलंय ते शुक्रवारचं. बाई निघाल्या, तेव्हा बापू घरात गेले. घर शेडला लागूनच. बाहेर आले ते वहिनींना घेऊन, आणि ओंजळीत अक्षता. देवाजवळच्या, घाईत कालवलेल्या, कुंकू जरा जास्तच झालेलं.

"बाई, पत्रिका छापायची हाय अजून. पण पहिली अक्षत तुम्हाला. लग्नाला यायचं. आता विचारा, कुठून आली."

वहिनींनी कुंकू लावलं. बाईंनी हात पुढे केला. विचारलं नाही.

पुढे बाईंचे डोळे थकले. त्या विश्रांतवाडीला भाचीकडे राहायला गेल्या. शेवटच्या दिवशी झाकण माझ्या हातात दिलं. म्हणाल्या, "नव्या मुलीला कॉम्प्युटर येतो माझ्यापेक्षा चांगला. झाकण तुम्ही ठेवा. अंगठा तुमचा चांगला आहे." अपडेट आलं की ती मुलगी मला हाक मारायची, मी झाकण घेऊन जाऊन उभी राहायची. मीही काम सोडलं, तेव्हा तिच्यासाठी बापूंनी जुन्या डायमधून दुसरं काढून दिलं. हे माझ्याकडेच राहिलं.

या वर्षी माझ्या नातवाचं लग्न ठरलं. म्हटलं, बाईंना अक्षत द्यायला आपण स्वतः जायचं. फाईल पाठवली तर माझी काय पत राहील? शेंगदाण्याची चटणी केली, घरातल्या एका पांढऱ्या डब्यात भरली आणि ते झाकण त्यावर लावलं. आमच्याकडचेच डबे, बसलं छान.

भाचीने दार उघडलं. हळूच म्हणाली, "मावशीला आताशा लक्षात राहत नाही हो. वाईट वाटून घेऊ नका."

बाई गॅलरीत खुर्चीवर बसल्या होत्या. सुती साडी तीच, पायात मात्र घरातल्या सपाता. मी समोर जाऊन बसले. त्यांनी माझ्याकडे नीट, सभ्यपणे बघितलं, अनोळखी माणसाकडे बघतात तसं.

"आपण कुठून आलात?"

इतकी वर्षं तो प्रश्न ऐकला, पण तो माझ्यासाठी कधी नव्हता. मी म्हटलं, "धायरीहून."

"धायरीला आमचं कुणी नाही."

मी पिशवीतून डबा काढला आणि त्यांच्यापुढे धरला. त्यांनी लगेच घेतला नाही, अर्थातच. बघत राहिल्या. मग हात पुढे आला. डबा मांडीवर घेतला. अंगठा आपोआप झाकणाच्या कडेवर गेला, फिरत फिरत कानापाशी आला, भोकाला वळसा घालून पाळीवर गेला, आणि मध्याच्या किंचित डावीकडे थांबला. एकदा मागे गेला. पुन्हा तिथेच आला.

"हं," बाई म्हणाल्या. "ठीक आहे."

मग डबा माझ्याकडे सरकवला.

"आपलंच आहे, मंगलबाई. उघडा."